शिरीन इबादींचे वकीलपत्र आपण घ्यावे

प्रति,
अध्यक्ष व सदस्य, महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिल,
तसेच दोन्ही राज्यांतील जिल्हा व तालुका वकील संघांचे पदाधिकारी

विषय : शिरीन इबादी आणि त्यांच्या इराणमधील सहकारी वकिलांच्या पाठिंब्याचा ठराव संमत करण्याबाबत.

सविनय नमस्कार,

शिरीन इबादी हे नाव आपल्यापैकी बहुतेकांनी २००३ साली वाचले असेल. त्या वर्षी त्यांना शांततेचे नोबेल मिळाले. हा मान मिळवणाऱ्या पहिल्या इराणी, पहिल्या मुस्लिम महिला, एवढे छापून आले आणि विषय मागे पडला. मला आपल्याशी त्यांच्याविषयी बोलायचे आहे ते नोबेलसाठी नव्हे. त्या वकील आहेत, आणि त्याआधी न्यायाधीश होत्या, म्हणून. जून २००९ मध्ये त्या एका परिषदेसाठी स्पेनला गेल्या आणि मग मायदेशी परतूच शकल्या नाहीत. त्यांचा गुन्हा शोधायला गेले तर एकच सापडतो : इतर कोणी हात लावायला धजत नव्हते अशा पक्षकारांची वकीलपत्रे त्यांनी घेतली.

तेहरान विद्यापीठातून कायदा शिकून १९६९ मध्ये त्या न्यायाधीश झाल्या. १९७५ मध्ये तेहरानच्या नगर न्यायालयाच्या एका शाखेच्या प्रमुख झाल्या. इराणचा राजा असलेल्या शहाविरुद्धच्या क्रांतीच्या बाजूने त्या स्वतः उभ्या होत्या. १९७९ मध्ये क्रांती यशस्वी झाली आणि नव्या राज्यकर्त्यांनी सांगितले, स्त्रीला न्यायाधीश होता येणार नाही. ज्या न्यायालयात त्या प्रमुख होत्या, तिथेच त्यांना कारकुनी काम देण्यात आले. काल ज्यांच्यासमोर आपण युक्तिवाद केला त्या न्यायाधीशबाई आज बेंच क्लार्कच्या टेबलाशी बसून पुढच्या तारखा लिहीत आहेत, असे चित्र डोळ्यांसमोर आणून पाहा. मला तरी ते सहन होत नाही. इबादी आणि त्यांच्यासारख्या इतर महिला न्यायाधीशांनी विरोध केला, तेव्हा त्यांना 'कायदेतज्ज्ञ' असे एक गोंडस पद देऊन बाजूला बसवले. अखेर त्यांनी मुदतीआधी निवृत्ती घेतली आणि वकिलीच्या सनदेसाठी अर्ज केला. तो अनेक वर्षे नाकारला गेला. सनद मिळाली १९९२ मध्ये.

आपल्याकडे उलटे घडले, हे इथे आठवते. नाशिकला जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजी १८९२ मध्ये ऑक्सफर्डची कायद्याची परीक्षा देऊन आल्या, तरी बाईला वकिली करू द्यायची की नाही हा प्रश्न १९२३ च्या कायद्यापर्यंत लोंबकळत राहिला. पण एकदा उघडलेले दार आपल्याकडे पुन्हा लावले गेले नाही. इराणमध्ये ते आतल्या बायकांना बाहेर काढून लावले गेले.

सनद हाती आल्यावर इबादींनी कोणते खटले घेतले ते पाहा. १९९० च्या दशकात एका अकरा वर्षांच्या मुलीवर तीन पुरुषांनी बलात्कार करून तिचा खून केला. एकाने तुरुंगात गळफास घेतला, उरलेल्या दोघांना देहदंड झाला. इथपर्यंत आपल्याला ओळखीचे वाटेल. पुढचे नाही. तिथल्या कायद्यात स्त्रीच्या जिवाची भरपाई पुरुषाच्या निम्मी धरली जात होती. दोन पुरुषांचे जीव एका मुलीच्या जिवापेक्षा 'महाग' ठरले, म्हणून त्यांना फाशी व्हायची तर मधला फरक मुलीच्या कुटुंबाने भरायचा होता. त्या गरीब कुटुंबाने होते नव्हते ते विकले. बाप आणि भाऊ मूत्रपिंड विकायला गेले आणि डॉक्टरांनी दोघांनाही परत पाठवले. इबादी त्या कुटुंबाच्या बाजूने उभ्या राहिल्या आणि हा हिशेब त्यांनी देशासमोर मांडला. मी फाशीच्या विरोधात आहे, तरी हा खटला वाचताना मला त्या बापाच्या जागी उभे राहिल्यासारखे झाले. कायदा वाचणे आणि कायदा कोणाच्या अंगावर येऊन पडतो ते पाहणे यांत किती अंतर आहे, हे आपल्यापैकी रोज कोर्टात उभ्या राहणाऱ्यांना वेगळे सांगायला नको.

नोव्हेंबर १९९८ मध्ये दारियुश आणि परवाने फोरुहर या वयस्क विरोधी नेत्यांचा, नवरा-बायकोचा, तेहरानमधल्या त्यांच्या राहत्या घरी सुऱ्यांनी भोसकून खून झाला. त्याच सुमारास काही लेखकही मारले गेले. गुप्तचर मंत्रालयाला कबूल करावे लागले की मारेकरी त्यांचेच लोक होते, फक्त त्यांना 'बहकलेले' म्हटले गेले. फोरुहर कुटुंबाच्या वकील इबादी. २००० मध्ये वकिलांना अखेर फायली पाहायला मिळाल्या, त्याही सगळ्या मिळून दहा दिवसांत वाचून संपवायच्या अटीवर. न्यायालयाच्या इमारतीत बसून, गठ्ठ्यामागून गठ्ठा उलगडत वकील पाने वाचत होते. अशाच एका पानावर मारेकऱ्याचा जबाब होता : पुढे कोणाला मारायचे आहे त्यासाठी तो मंत्र्यांची परवानगी मागायला गेला होता, आणि ते नाव होते शिरीन इबादी. परवानगी मिळाली होती. फक्त रमजान संपेपर्यंत थांबायचे ठरले होते.

पक्षकाराच्या खुनाची कागदपत्रे वाचताना स्वतःच्या खुनाची मंजुरी वाचणारा वकील जगात दुसरा कोणी असेल असे मला वाटत नाही. त्यांनी ते प्रकरण सोडले नाही. त्याच वर्षी दुसऱ्या एका प्रकरणावरून त्यांना तेहरानच्या एविन तुरुंगात एकांतकोठडीत ठेवण्यात आले. बाहेर आल्यावर त्यांनी सहकाऱ्यांबरोबर 'मानवी हक्क रक्षक केंद्र' उभे केले. राजकीय कैद्यांचे खटले फुकट लढवायचे, त्यांच्या घरच्यांना आधार द्यायचा, हे त्याचे काम. २००८ मध्ये इराणमध्ये छळ सोसणाऱ्या बहाई या अल्पसंख्य धर्मसमाजाच्या सात नेत्यांना अटक झाली, तेव्हा त्यांची बाजू घ्यायलाही हेच लोक पुढे आले. इराणमध्ये बहाईंची बाजू घेणे म्हणजे काय, हे समजायला फार कल्पना लागत नाही. त्याच वर्षाच्या डिसेंबरात मानवी हक्कांच्या जाहीरनाम्याला साठ वर्षे झाली म्हणून केंद्राने कार्यक्रम ठेवला होता. पाहुणे यायच्या आत पोलीस आले आणि कार्यालयाला कुलूप लागले. सहा महिन्यांनी वादग्रस्त निवडणूक झाली, रस्त्यावर गोळ्या चालल्या, धरपकड सुरू झाली. स्पेनला गेलेल्या इबादींना सहकाऱ्यांनी कळवले, येऊ नका, बाहेरूनच बोला.

आता मी त्या आक्षेपाकडे येते जो बाररूममध्ये हा विषय काढला की हमखास ऐकू येतो. 'परदेशात सुरक्षित बसून बोलायला काय जाते?'

काय गेले ते सांगते. नोव्हेंबर २००९ मध्ये त्यांच्या बँकेतल्या लॉकरमधून नोबेलचे पदक जप्त झाले, आणि नॉर्वे सरकारला इराणी दूताला बोलावून निषेध नोंदवावा लागला. बँक खाती गोठवली गेली, नोबेलच्या रकमेवर कराची मागणी काढली गेली. डिसेंबरात त्यांच्या बहिणीला उचलून नेले. ती दंतवैद्यकाची प्राध्यापक, चळवळीशी तिचा काही संबंध नव्हता. नवऱ्याला गुप्तचरांनी सापळा लावून अडकवले, कोठडीत टाकले, आणि सुटकेच्या बदल्यात कॅमेऱ्यासमोर बसवून बायकोविरुद्ध बोलायला लावले. त्यांचा संसार त्यातच मोडला. हे सगळे इबादींनी स्वतः लिहून ठेवले आहे, नवऱ्याविषयी एकही कडवट शब्द न वापरता. माणूस देशाबाहेर गेला की राज्यकर्त्यांच्या हातात त्याची मागे राहिलेली माणसे असतात. परागंदा माणसाने तोंड उघडले की प्रत्येक वाक्याचे बिल कोणत्या तरी घराच्या दारात येऊन पडते. तरी बोलत राहायचे की गप्प बसायचे, हा निर्णय त्यांना रोज करावा लागतो.

आणि परदेशातून लढणाऱ्यांना हिणवण्याचा अधिकार निदान आपल्याला नाही. मंत्रालयासमोरून जाणाऱ्या रस्त्याला मादाम कामांचे नाव आहे. १९०२ मध्ये मुंबई सोडून गेलेल्या या बाईंनी १९०७ मध्ये श्टुटगार्टला भारताचा झेंडा फडकवला, पॅरिसमधून पत्रे चालवली, आणि त्या परत आल्या त्या १९३५ मध्ये, आजारी होऊन, वर्षभरात जग सोडण्यासाठी. 

बाहेर राहून इबादी काय करतात? ज्यांना तोंड उघडता येत नाही त्यांची प्रकरणे त्या संयुक्त राष्ट्रांपुढे, संसदांपुढे, विद्यापीठांपुढे मांडतात. फेब्रुवारी २०१८ मध्ये त्यांनी आणि आणखी चौदा जणांनी निवेदन काढून संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली सार्वमत घेण्याची मागणी केली. सह्या करणाऱ्यांत नर्गिस मोहम्मदी, नसरीन सोतूदेह (दोघींविषयी पुढे सांगते), चित्रपट दिग्दर्शक जाफर पनाही असे देशात राहणारे लोकही होते, हे विशेष. सप्टेंबर २०२२ मध्ये महसा अमिनी ही बावीस वर्षांची कुर्दी मुलगी डोक्यावरचा रुमाल नीट नाही म्हणून पकडली गेली आणि कोठडीतून रुग्णालयात जाऊन मेली. त्यानंतर जे उसळले ते आपण सर्वांनी पडद्यावर पाहिले. २४ नोव्हेंबर २०२२ रोजी जिनिव्हाच्या मानवी हक्क परिषदेत सत्यशोधन पथक नेमण्याचा ठराव आला. २५ मते बाजूने, ६ विरोधात, १६ तटस्थ. तटस्थांत भारत होता.

त्या पथकाच्या अध्यक्षपदी कोण होते? सारा हुसेन, बांगलादेशच्या सर्वोच्च न्यायालयात वकिली करणाऱ्या. दुसऱ्या सदस्य शाहीन सरदार अली, पाकिस्तानच्या कायद्याच्या प्राध्यापक. ज्या पाकिस्तानने ठरावाविरुद्ध मत दिले, त्याच देशातली एक विदुषी तिथे बसून जबाब नोंदवत होती. सरकारे आपले हिशेब करतात, पण वकिलांना सरकारच्या मागे रांगेत उभे राहण्याची सक्ती नसते, हे या दोघींनी दाखवून दिले. इराणने पथकाला देशात येऊ दिले नाही. म्हणजे पुरावा गोळा झाला तो बाहेर निसटलेल्या साक्षीदारांकडून आणि आतून लपूनछपून पाठवणाऱ्यांकडून. मार्च २०२४ मध्ये अहवाल आला : मृतांचा विश्वासार्ह आकडा ५५१ पर्यंत जातो, त्यात किमान ४९ स्त्रिया आणि ६८ मुले, आणि घडले त्यातले बरेच मानवतेविरुद्धचे गुन्हे ठरतात. परागंदा माणसाचे बोलणे म्हणजे घटनास्थळी जाता न येणाऱ्या न्यायालयापुढचा पुरावा आहे. साक्षीदार बाहेर गेला म्हणून साक्षच ऐकायची नाही, असे आपल्यापैकी कोणी कोणत्या कोर्टात म्हणेल?

इबादींपेक्षाही आपली जास्त गरज त्यांच्या मागे राहिलेल्या सहकाऱ्यांना आहे.

अब्दुलफत्ताह सोलतानी, इबादींच्या मानवी हक्क रक्षक केंद्राचे संस्थापक सदस्य. २००९ चा न्यूरेंबर्गचा मानवी हक्क पुरस्कार त्यांना मिळाला. तो स्वीकारला हाच पुढे त्यांच्यावरच्या आरोपांपैकी एक झाला. २०११ मध्ये अटक, २०१२ मध्ये अठरा वर्षांची शिक्षा, अपिलात तेरा. ऑगस्ट २०१८ मध्ये त्यांची सत्तावीस वर्षांची मुलगी हृदय बंद पडून गेली, तेव्हा ते तुरुंगात होते. अंत्यसंस्कारासाठी त्यांना थोड्या वेळेपुरते सोडले.

नर्गिस मोहम्मदी वकील नाहीत, इंजिनिअर आहेत, पण केंद्राच्या उपाध्यक्ष. २०२३ चे नोबेल त्यांना मिळाले तेव्हा त्या एविनमध्ये होत्या. ऑस्लोमध्ये आईची खुर्ची रिकामी ठेवून त्यांच्या जुळ्या मुलांनी पदक घेतले.

आणि नसरीन सोतूदेह. त्यांच्याविषयी जरा थांबून सांगते, कारण त्यांची गोष्ट थेट आपल्या संस्थेशी, बारशी, येऊन भिडते. त्यांनी इबादींचे वकीलपत्र घेतले होते. २०१० मध्ये अटक, मग अकरा वर्षांची शिक्षा आणि वीस वर्षे वकिली बंद. अपिलात सहा वर्षांवर आली. मुलीवर प्रवासबंदी घातली म्हणून २०१२ मध्ये त्यांनी एकोणपन्नास दिवस अन्न सोडले. २०१३ मध्ये सुटल्या. मग २०१४ मध्ये काय झाले? सरकारने नव्हे, तिथल्या वकील संघाच्या शिस्तपालन न्यायालयाने त्यांची सनद तीन वर्षांसाठी निलंबित केली. अधिकाऱ्यांचा दबाव होता हे उघड आहे, पण कागदावर सही स्वतःच्या व्यवसायबंधूंची होती. सोतूदेह वकील संघाच्या इमारतीसमोर फुटपाथवर बसल्या. घोषणा नाहीत, तंबू नाही. सकाळी यायचे, हातात फलक धरून उभे राहायचे किंवा बसायचे, संध्याकाळी घरी जायचे. आत जाणाऱ्या-येणाऱ्या वकिलांना त्यांच्या समोरूनच जावे लागे. काही जण मान वळवून जात, काही जण येऊन शेजारी बसत. महिनोन्महिने हे चालले आणि पुढल्या वर्षी निलंबनाची मुदत नऊ महिन्यांवर आणली गेली. जून २०१८ मध्ये त्यांना पुन्हा नेले, कारण भर रस्त्यात रुमाल काढून काठीला बांधणाऱ्या मुलींचे वकीलपत्र त्यांनी घेतले होते. शिक्षांची बेरीज अडतीस वर्षे आणि एकशे अठ्ठेचाळीस फटके.

इराणच्या वकील संघाला १९५३ मध्ये कायद्याने स्वायत्तता मिळाली होती. क्रांतीनंतर ती पोखरली गेली. संघाच्या निवडणुकीला कोण उभे राहू शकेल हे १९९७ पासून न्यायाधीशांचे एक शिस्तपालन न्यायालय तपासते. २००० नंतर न्यायसंस्थेने स्वतःच सनदा वाटण्याची समांतर व्यवस्था उभी केली. आणि फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या ४८ व्या कलमाखालच्या टिपेने कळस केला : देशाच्या सुरक्षेविरुद्धचा आरोप असेल तर तपासाच्या टप्प्यावर आरोपीने न्यायसंस्थेच्या प्रमुखाने मंजूर केलेल्या यादीतलाच वकील घ्यायचा. जून २०१८ मध्ये तेहरानसाठी ती यादी जाहीर झाली. हजारो वकिलांच्या त्या शहरात नावे होती वीस.

पुण्यात एलएलएम करताना माझ्या वर्गात शिराझहून आलेली एक मुलगी होती. तेव्हा पुण्यात इराणी विद्यार्थी पुष्कळ असत. आम्ही ॲडव्होकेट्स ॲक्ट, १९६१ चे ३५ वे कलम वाचत होतो, तेव्हा तिने विचारले, सरकारला तुमची सनद नको असेल तर ते काय करतात? मी म्हटले, सरकारच्या हातात ती नसते. तक्रार आली तर बार कौन्सिलची शिस्तपालन समिती पाहते, वर बार कौन्सिल ऑफ इंडिया, त्याच्यावर सर्वोच्च न्यायालय. तिने ते वहीत उतरवून घेतले आणि खाली रेघ ओढली. आमच्यासाठी ते परीक्षेतले एक कलम होते.

या पार्श्वभूमीवर माझी विनंती अशी आहे. बार कौन्सिलने आणि प्रत्येक जिल्हा व तालुका वकील संघाने सर्वसाधारण सभेत इराणमधील छळ झालेल्या वकिलांच्या बाजूने ठराव करावा. त्याची प्रत मुंबईतल्या इराणी वाणिज्य दूतावासाला, दिल्लीत परराष्ट्र मंत्रालयाला आणि तेहरानच्या वकील संघाला पाठवावी. शेवटची प्रत मला सर्वांत महत्त्वाची वाटते. दबावाखाली सह्या करणाऱ्या तिथल्या पदाधिकाऱ्यांना कळू दे की दुसऱ्या देशांतले वकील संघ त्या सह्या वाचतात. ठरावाबरोबरच इबादींना किंवा त्यांच्या परदेशातल्या एखाद्या सहकाऱ्याला दूरदृश्य प्रणालीवरून व्याख्यानासाठी बोलवावे. कायदेविषयक व्याख्यानमाला आपण भरवतोच, त्यातले एक सत्र यासाठी ठेवायला खर्चही येत नाही.

ठराव करण्याची आपल्याला सवय आहे. दुर्दैवाने अमुक आरोपीचे वकीलपत्र कोणी घेऊ नये असेही ठराव देशातल्या वकील संघांनी केले, आणि २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाला ते रद्दबातल ठरवून आपले कान उपटावे लागले. जे हत्यार आपण चुकीच्या ठिकाणी वापरले, ते योग्य ठिकाणी वापरण्याची ही संधी आहे. राज्यघटनेच्या २२ व्या अनुच्छेदाने आपल्या पसंतीचा वकील घेण्याचा जो हक्क आपल्या पक्षकारांना दिला, नेमका तोच हक्क तिथे मंजूर नावांच्या यादीत कोंडला गेला.

काही जण म्हणतील, हा दुसऱ्या देशाचा अंतर्गत मामला आहे, इराणमधल्या चाबहार बंदरातल्या भारताच्या हितसंबंधांचे काय, तेलाचे काय. ते प्रश्न परराष्ट्र मंत्रालयाचे आहेत आणि त्यांनी ते सोडवावेत. वकील संघ बंदर चालवत नाही. काही जण म्हणतील, आपल्याकडचे वकीलही दबावाखाली आहेत, आधी ते पाहा. जरूर पाहू या. सोतूदेहच्या सनदेसाठी बोलणारा वकील संघ उद्या आपल्या तालुक्यातल्या एखाद्या ज्युनिअरसाठी बोलायला कचरणार नाही, असे मला वाटते.

एका गोष्टीबद्दल मात्र मी आग्रही आहे. हा ठराव कोणत्याही धर्माविरुद्ध वापरला जाऊ नये. इबादी श्रद्धावान मुस्लिम आहेत आणि इस्लाम व मानवी हक्क एकत्र नांदू शकतात हीच त्यांची आयुष्यभराची मांडणी आहे. ऑस्लोला नोबेल घेताना त्या डोक्यावर रुमाल न घेता उभ्या राहिल्या, आणि त्याच भाषणात अमेरिकेच्या ग्वांतानामो तुरुंगाचे नाव घेऊन त्यांनी अमेरिकेलाही सुनावले. त्यांना कोणाच्याही सोयीच्या चौकटीत बसवता येत नाही. ज्यांना त्यांच्या नावाने आपल्या शेजारच्या मुस्लिम वकिलाला टोचायचे असेल, त्यांनी ठरावाला मत न दिलेले बरे.

सोयीसाठी ठरावाचा मसुदा देत आहे. आपल्या संघाच्या रिवाजाप्रमाणे शब्द बदलावेत. तिथे कोण आत, कोण जामिनावर, हे सारखे बदलत असते, म्हणून नावे घालण्यापूर्वी सभेच्या दिवशीची स्थिती तपासून घ्यावी.

'ही सभा असा ठराव करते की, पक्षकाराची बाजू मांडल्याबद्दल कोणत्याही वकिलाला अटक, शिक्षा, सनद रद्द होणे वा देश सोडावा लागणे हे न्यायदानाच्या मुळावर येणारे आहे. शिरीन इबादी यांना मायदेशी निर्भयपणे परतता यावे, त्यांच्या व सहकाऱ्यांच्या कुटुंबीयांचा छळ थांबावा, व्यवसाय केल्याबद्दल इराणमध्ये शिक्षा भोगणाऱ्या सर्व वकिलांची सुटका व्हावी व त्यांच्या सनदा पूर्ववत व्हाव्यात, तसेच प्रत्येक आरोपीला पसंतीचा वकील घेता यावा, अशी मागणी ही सभा करते. मानवी हक्क परिषदेत इराणविषयी मतदान होईल तेव्हा भारताने तटस्थ राहू नये व साक्षीपुराव्याच्या बाजूने मत द्यावे, अशी विनंती ही सभा केंद्र सरकारला करते.'

आमच्या जिल्हा वकील संघाच्या पुढच्या सर्वसाधारण सभेसाठी हा ठराव मी सूचक म्हणून लेखी दिला आहे. अनुमोदक मिळाले आहेत. आपापल्या संघात जे तो मांडतील त्यांना इबादी, सोलतानी आणि सोतूदेह यांच्या खटल्यांची मराठीत केलेली टिपणे मी पाठवीन. माझा पत्ता बार कौन्सिलच्या मतदार यादीत आहे.

आपली नम्र,
जिल्हा न्यायालयात वकिली करणारी आपली एक सहव्यवसायी